तेरा सामने, नऊ गोल

सौदी अरेबियाचा फुटबॉल संघ १९९४, १९९८, २००२ आणि २००६ असे सलग चार विश्वचषक खेळला. चारही स्पर्धा मिळून सामने झाले १३. त्यांतले २ जिंकले, २ बरोबरीत सुटले, ९ हरले. अंगावर गोल चढले ३२ आणि सौदी खेळाडूंनी केले अवघे ९. या नवांतले ३ गोल सामी अल-जाबिरचे. पहिला अमेरिकेत, दुसरा फ्रान्समध्ये, तिसरा जर्मनीत. पहिल्या आणि तिसऱ्या गोलात जवळजवळ १२ वर्षांचं अंतर.

या पुस्तकाचा नायक कोण आणि मराठी वाचकाने त्याच्याविषयी का वाचावं, या दोन्ही प्रश्नांचं माझं उत्तर या आकड्यांत आहे. स्ट्रायकर म्हटला की आपण त्याच्या गोलांची रास मोजायला बसतो. ब्राझील, जर्मनी, अर्जेंटिना यांच्या आघाडीपटूंना ते माप बरोबर बसतं, कारण त्यांच्या पायाशी चेंडू पोहोचवणारी माणसं मागे उभी असतात. ज्या संघाला नव्वद मिनिटांतली सत्तर मिनिटं आपल्याच गोलपाशी काढावी लागतात, त्या संघाच्या स्ट्रायकरचं काय? कोरडवाहू रानातलं पीक बागायतीच्या पायलीने कुणी मोजत नाही. पाऊस किती पडला हे आधी विचारतात आणि मग त्या शेतकऱ्याच्या हाताचं कौतुक करायचं की नाही ते ठरवतात. सामीच्या वाट्याला पाऊस फार कमी आला. तरी त्याच्या देशाच्या या चार विश्वचषकांतल्या गोलांपैकी एक तृतीयांश त्याने केले. ही कारकीर्द थोर आहे असं मी मानतो, आणि ते मानण्यासाठी मला त्याच्या क्लबच्या कपाटातले चषक मोजण्याची गरज वाटत नाही. ते चषक पुष्कळ आहेत, तो भाग वेगळा.

सौदी फुटबॉलची गोष्ट समजून घ्यायला १९५६ या वर्षापासून सुरुवात करावी लागते. सौदी अरेबियाचा फुटबॉल महासंघ त्या वर्षी स्थापन झाला. त्याच वर्षाच्या अखेरीस मेलबर्न ऑलिंपिकमध्ये भारताने उपांत्यपूर्व फेरीत यजमान ऑस्ट्रेलियाला ४-२ असं हरवलं आणि आपण चौथे आलो. त्या सामन्यात हॅटट्रिक केली ती नेव्हिल डिसूझाने. मूळचा गोव्यातल्या आसगावचा आणि मुंबईच्या टाटा संघाकडून खेळणारा हा सेंटर फॉरवर्ड. ऑलिंपिकमध्ये हॅटट्रिक करणारा तो पहिला आशियाई. सौदी महासंघ पाळण्यात होता तेव्हा आशियातला एक उत्तम स्ट्रायकर मुंबईच्या कूपरेजवर खेळत होता. पुढे १९८२ साली दिल्लीच्या आशियाई खेळांत उपांत्यपूर्व फेरीत हेच दोन देश समोरासमोर आले आणि सामना संपता संपता झालेल्या एका गोलने सौदी अरेबिया जिंकला. तोवर पारडं फिरलं होतं. त्यानंतर ते फिरलेलंच राहिलं. या पुस्तकातला बराचसा मजकूर, सामीचं नाव बाजूला ठेवून वाचला तरी, पारडं का फिरलं याचा हिशेब आहे.

तेलाचा पैसा हे एक कारण. सत्तरच्या दशकात किमती वाढल्या, मैदानं झाली, क्लबांच्या तिजोऱ्या भरल्या. पण पैसा आला म्हणजे खेळ आला असं नसतं. पैसा कुणाला दिला गेला हे पाहावं लागतं. सौदींनी ब्राझीलकडे पाहिलं. १९७० च्या विश्वविजेत्या संघातला डावखुरा रिव्हेलिनो रियाधच्या अल-हिलालमध्ये येऊन तीन वर्षं खेळला. त्याच विश्वविजेत्या संघाचा प्रशिक्षक मारिओ झगालो पुढे सौदी राष्ट्रीय संघाचा प्रशिक्षक झाला. टेले सांताना जेद्दाच्या अल-अहलीत शिकवून गेला. ज्या पोरांनी हा खेळ फक्त वाळूच्या मैदानांवर पाहिला होता, त्यांना जगातले सर्वोत्तम पाय चेंडू कसा थांबवतात हे दहा हातांवरून पाहायला मिळालं. आणि मग १९८४ च्या आशिया चषकाला सौदींनी संघ सोपवला तो खलील अल-झयानी या आपल्याच माणसाकडे. सिंगापूरला झालेल्या त्या स्पर्धेच्या अंतिम सामन्यात चीनचा २-० असा पराभव करून सौदी पहिल्यांदा आशियाचे विजेते झाले. दुसरा गोल माजिद अब्दुल्लाचा होता.

माजिदविषयी सविस्तर न लिहिता सामीकडे वळता येत नाही. जेद्दात जन्मलेला, आयुष्यभर रियाधच्या अल-नस्रकडूनच खेळलेला, उंच उडी घेऊन डोक्याने गोल करणारा माजिद हा सौदी फुटबॉलचा पहिला मोठा नायक. राष्ट्रीय संघासाठी त्याने सत्तरहून अधिक गोल केले. तो आकडा सामीला कधीच गाठता आला नाही. सामीचे गोल ४६, दीडशेहून अधिक सामन्यांत. १९८८ च्या नोव्हेंबरात इंग्लंडचा संघ रियाधला मैत्रीपूर्ण सामना खेळायला आला, तेव्हा गोलरक्षक डेव्हिड सीमनचा इंग्लंडकडून तो पहिलाच सामना होता. त्या सीमनला पहिला गोल चाखवला तो माजिदने. सामना १-१ असा सुटला. पण माजिदच्या ऐन उमेदीच्या काळात सौदी अरेबिया विश्वचषकाला एकदाही पात्र ठरला नाही. तो शेवटी १९९४ साली तिथे पोहोचला तेव्हा वयाच्या पस्तिशीला टेकला होता. कर्णधार होता, पण थकलेला. त्याच संघात २१ वर्षांचा सामी होता. सौदी चाहते आजही माजिद थोर की सामी थोर यावर रात्र रात्र भांडतात. त्या भांडणाला क्लबांच्या वैराची फोडणी आहे, कारण माजिद पिवळ्या नस्रचा आणि सामी निळ्या हिलालचा. माझ्या मते गोल करण्याची उपजत देणगी माजिदकडे जास्त होती. पण एका संघाचं वय, त्याचा उत्कर्ष आणि त्याची घसरण हे सगळं ज्याच्या अंगावरून गेलं असा खेळाडू सामीच आहे, म्हणून चरित्राचा विषय म्हणून मला तो अधिक महत्त्वाचा वाटतो.

सामीचा जन्म ११ डिसेंबर १९७२ रोजी रियाधमध्ये झाला. अल-हिलाल हा क्लब १९५७ साली रियाधमध्येच स्थापन झालेला. सामी किशोरवयात त्या क्लबमध्ये शिरला आणि २००७ पर्यंत, एका छोट्या मुक्कामाचा अपवाद सोडता, तिथेच राहिला. अंगाने सडपातळ, बचावपटूच्या खांद्यामागे दबा धरणारा, दिसला न दिसला तोवर गोलक्षेत्रात पोहोचणारा. चाहत्यांनी त्याला लांडगा हे नाव दिलं. आपल्याकडे ते कुणाला रुचणार नाही, पण वाळवंटातल्या माणसाला लांडग्याची धूर्तता आणि चिकाटी ठाऊक असते. तिथे तो मान आहे. ज्या वर्षांत तो हिलालच्या पहिल्या संघात येत होता, त्याच सुमारास सौदींच्या सोळा वर्षांखालच्या मुलांनी स्कॉटलंडमध्ये जाऊन, यजमानांना हॅम्पडेन पार्कवर पेनल्टी शूटआउटमध्ये हरवून, १९८९ चा विश्वचषक जिंकला. एक अख्खी पिढी पिकत आली होती.

या पिढीची खरी परीक्षा झाली ती १९९३ च्या ऑक्टोबरात, दोहाला. आशियातले सहा संघ, विश्वचषकाच्या जागा दोन. जपानी लोक त्या स्पर्धेची आठवण आजही काढतात ती इराकने शेवटच्या क्षणी बरोबरी साधून त्यांचं स्वप्न मोडलं म्हणून. सौदींची कथा कमी सांगितली जाते. ब्राझिलियन प्रशिक्षक कान्दिन्योला स्पर्धा चालू असताना काढून टाकण्यात आलं, शेवटच्या सामन्याची सूत्रं मोहम्मद अल-खराशीकडे आली, आणि इराणविरुद्धचा तो सामना सौदींनी ४-३ असा जिंकला. गटात पहिले आले. त्यानंतर डच प्रशिक्षक लिओ बेनहाकर आला आणि विश्वचषकाआधीच गेलाही. अमेरिकेत संघ घेऊन गेला तो अर्जेंटिनाचा होर्हे सोलारी. प्रशिक्षक असा कपड्यांसारखा बदलण्याची सवय सौदी फुटबॉलला तेव्हापासूनच आहे, आणि सामीच्या कारकिर्दीत या सवयीने जेवढं नुकसान केलं तेवढं कुठल्याही बचावपटूने केलं नसेल.

२० जून १९९४. वॉशिंग्टन. समोर नेदरलँड्स. फुआद अन्वरने डोक्याने गोल केला आणि सौदी अरेबिया पुढे. विश्वचषकातला तो सौदींचा पहिला गोल. डचांनी उत्तरार्धात बरोबरी केली आणि सामना संपायला काही मिनिटं असताना गोलरक्षक मोहम्मद अल-देअया पुढे येऊन फसला, २-१. हरले, पण त्या संध्याकाळी जगाला कळलं की हे फक्त हजेरी लावायला आलेले नाहीत. पाच दिवसांनी न्यू जर्सीच्या जायंट्स स्टेडियमवर मोरोक्को. विश्वचषकात दोन अरब देश एकमेकांसमोर आले ते या दिवशी पहिल्यांदा. सातव्या मिनिटाला सौदींना पेनल्टी मिळाली.

इथे क्षणभर थांबू या. संघाला विश्वचषकात अजून एकही गुण मिळालेला नाही. हा सामना हरला तर परतीची तिकिटं जवळजवळ नक्की. दोन्ही देशांत आणि मधल्या सगळ्या अरब मुलखात घरोघर दूरचित्रवाणी चालू. आणि चेंडू ठेवतो कोण, तर २१ वर्षांचा सामी. त्याने गोल केला. मोरोक्कोच्या शाऊशने बरोबरी केली, मध्यंतराच्या तोंडाशी फुआद अन्वरने दुसरा गोल केला आणि सौदी अरेबियाने विश्वचषकातला पहिला विजय मिळवला. चार दिवसांनी बेल्जियमविरुद्ध सईद अल-ओवैरान आपल्या अर्ध्या भागातून चेंडू घेऊन निघाला आणि समोर येईल त्याला चुकवत थेट गोलपर्यंत गेला. त्या एका धावेने जगातल्या प्रत्येक फुटबॉलप्रेमीला सौदी अरेबिया माहीत झाला. हा गोल इतका झगझगीत होता की त्याच्या उजेडात सामीची पेनल्टी दिसेनाशी झाली. बाद फेरीत डल्लासच्या उन्हात स्वीडनने ३-१ असं हरवलं आणि मोहीम संपली. आशिया खंडातल्या संघाने विश्वचषकाची बाद फेरी गाठली होती ती १९६६ च्या उत्तर कोरियानंतर पहिल्यांदाच.

पेनल्टीचा विषय निघालाच आहे तर एक आक्षेप आताच हाताळतो. सामीचे विश्वचषकातले तीनपैकी दोन गोल पेनल्टीवरचे आहेत आणि त्याला न मानणारे हे पुन्हा पुन्हा ऐकवतात. दुसरी पेनल्टी १९९८ ची, बोर्दोची. सौदी तेव्हा आधीचे दोन्ही सामने हरले होते. डेन्मार्ककडून ०-१, फ्रान्सकडून ०-४. ज्या कार्लोस आल्बर्टो पारेराने चारच वर्षांपूर्वी ब्राझीलला विश्वविजेतेपद मिळवून दिलं होतं, त्याला स्पर्धा चालू असताना, दोन सामन्यांनंतर, नारळ देण्यात आला होता. पुन्हा अल-खराशी. दक्षिण आफ्रिकेने आघाडी घेतलेली आणि पूर्वार्ध संपत आलेला. अशा वेळी पुढे येऊन चेंडू हातात घेणं म्हणजे काय, हे ज्याने कधी गल्लीतल्या स्पर्धेतही पेनल्टी मारली आहे त्याला कळेल. मोठ्या संघात पेनल्टी चुकली तर आणखी दहा संधी येतात. सौदींच्या वाट्याला त्या स्पर्धेत आधीच्या १८० मिनिटांत एकही गोल आला नव्हता. सामीने ती मारली, उत्तरार्धात युसुफ अल-थुनयानने आणखी एक पेनल्टी मारून आघाडी मिळवून दिली, आणि भरपाईच्या वेळेत दक्षिण आफ्रिकेच्या शॉन बार्टलेटनेही पेनल्टीवरच २-२ अशी बरोबरी केली. पेनल्टीवरचा गोल हलका धरणाऱ्यांना माझा एवढाच प्रश्न आहे की त्या संघात, त्या घडीला, तो चेंडू दुसऱ्या कुणाच्या हाती द्यायला ते तयार झाले असते?

दोन विश्वचषकांच्या मध्ये १९९६ चा आशिया चषक आहे. संयुक्त अरब अमिरातीत झालेल्या या स्पर्धेत सौदींनी चीनविरुद्ध ०-२ अशा पिछाडीवरून ४-३ असा विजय खेचून आणला, इराणला आणि अंतिम सामन्यात यजमानांना पेनल्टी शूटआउटमध्ये हरवलं आणि तिसऱ्यांदा आशियाचे राजे झाले. सामी या संघाचा कणा होता. त्यानंतर आजवर सौदींना आशिया चषक जिंकता आलेला नाही. आशियातल्या त्या पिढीची तुलना करायची तर इराणचा अली दाई डोळ्यांसमोर येतो. दाई १९९७ मध्ये जर्मनीला गेला, पुढच्याच वर्षी बायर्न म्युनिकच्या जर्सीत दिसला. जपानचा नाकाता इटलीला गेला. सौदी खेळाडू मात्र घरीच राहिले. पूर्वी नियम त्यांना बाहेर जाऊ देत नव्हते. ओवैरानसारख्याला तो गोल करूनही युरोप गाठता आला नाही. नियम सैल झाले तेव्हा घरचा पगार, घरचा मान आणि घरची सवय यांनी पाय धरले.

सामीने तो प्रयत्न केला, हे त्याच्या कारकिर्दीतलं मला फार मोलाचं वाटणारं पान आहे. २००० साली तो इंग्लंडच्या वोल्व्हरहॅम्प्टन वॉंडरर्सकडे उसनवारीवर गेला. इंग्लंडच्या व्यावसायिक फुटबॉलमध्ये खेळणारा तो पहिला सौदी. क्लब तेव्हा दुसऱ्या श्रेणीत होता. सामीला मोजकेच सामने मिळाले, तेही बहुतेक बदली म्हणून. रियाधला ज्याच्या नावाने मैदान दुमदुमत असे तो वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी इंग्लंडच्या हिवाळ्यात राखीव बाकावर बसत होता. यश आलं नाही आणि तो परतला. लोक याला फसलेला डाव म्हणतात. मला तसं वाटत नाही. घरी राजा असलेल्या माणसाने परक्या गावी पहिल्या इयत्तेत बसायचं ठरवलं, आणि त्याच्या बरोबरीच्या फार थोड्या सौदी खेळाडूंनी तसं केलं. त्या वाटेवर पुढच्या वीस वर्षांतही गर्दी झाली नाही, यावरून ती किती अवघड होती ते कळतं.

आता २००२. १ जूनला सप्पोरोच्या बंदिस्त मैदानात जर्मनीने सौदी अरेबियाला ८-० असं हरवलं. मध्यंतरालाच ४-० झालं होतं. मिरोस्लाव्ह क्लोझा नावाच्या, तोवर जगाला फारशा ठाऊक नसलेल्या पोराने तीन गोल डोक्याने केले. सामी त्या संघात होता. या पुस्तकातलं हे प्रकरण वाचकाने वगळू नये असं मला मनापासून वाटतं. चरित्रकार अशा जागी घाईने पुढे सरकतात आणि पुढच्या विजयाची वाट धरतात. हा सामना पुन्हा पाहताना लक्ष जर्मनांकडे न देता सौदींच्या सर्वात पुढच्या माणसाकडे द्यावं. चेंडू त्याच्याकडे येतच नाही. तो धावतो, जागा बदलतो, हात वर करतो, मागे उतरतो, पुन्हा पुढे जातो. या स्पर्धेत तो पुढचे सामने खेळू शकला नाही, कारण त्याला ॲपेंडिक्सचा त्रास झाला आणि रुग्णालयात दाखल व्हावं लागलं. कॅमेरूनने १-० आणि आयर्लंडने ३-० असं हरवून सौदींची पाठवणी केली. तीन सामने, बारा गोल अंगावर, एकही केला नाही. सामी २९ वर्षांचा होता. त्यानंतर त्याने राष्ट्रीय संघाचा निरोप घेतला तेव्हा कुणाला आश्चर्य वाटलं नाही.

आश्चर्य वाटलं ते तो परतला याचं. २००६ च्या पात्रता फेऱ्यांत संघाला अनुभवी माणूस हवा होता आणि सामी आला. तोवर यासिर अल-कहतानी हा नव्या दमाचा स्ट्रायकर तयार झाला होता. सामीचा वेग कमी झाला होता, पण कुठे उभं राहायचं हे ज्ञान वाढलं होतं. गॅब्रिएल कॅल्डेरॉनने संघाला पात्र करून दिलं आणि विश्वचषकाला संघ घेऊन गेला मार्कोस पाकेता, कारण मधल्या काळात पुन्हा प्रशिक्षक बदलला होता.

१४ जून २००६, म्युनिक. समोर ट्युनिशिया, म्हणजे पुन्हा दोन अरब देश. ट्युनिशियाने पहिला गोल केला, अल-कहतानीने उत्तरार्धात बरोबरी साधली. सामना संपायला आठ-दहा मिनिटं उरलेली असताना त्याच अल-कहतानीच्या जागी ३३ वर्षांचा सामी मैदानात उतरला. दोनच मिनिटांत बचावफळीच्या मागे चेंडू आला आणि सामी तिथे होता. पुढे गोलरक्षक अली बुमनिजेल, ४० वर्षांचा, त्या स्पर्धेतला सर्वात वयस्क खेळाडू. सामीने घाई केली नाही. चेंडू खालून, शांतपणे जाळीत गेला. विश्वचषकातला त्याचा हा एकमेव मैदानी गोल, आणि त्याच्यामुळे पहिल्या आणि शेवटच्या गोलांत बारा वर्षं राखणाऱ्या थोड्या नावांत तो जाऊन बसला. त्या यादीत पेले आहे, उवे झेलर आहे, माराडोना आहे. भरपाईच्या वेळेत रादी जैदीने डोक्याने गोल करून ट्युनिशियाला बरोबरी मिळवून दिली, म्हणजे सामीचा हा गोलही विजयाचा ठरला नाही. त्यानंतर युक्रेनने ४-० आणि स्पेनने १-० असं हरवलं. सौदी अरेबियाला पुढचा विश्वचषक दिसायला बारा वर्षं लागली.

क्लबच्या बाजूने पाहिलं तर चित्र अगदी उलटं आहे. हिलालकडून त्याने लीग जिंकल्या, देशातले चषक जिंकले, आशियाई क्लब स्पर्धा जिंकल्या. २००८ च्या जानेवारीत रियाधच्या किंग फहाद स्टेडियमवर, तंबूसारख्या छपराच्या त्या प्रचंड मैदानावर, त्याच्या निरोपाच्या सामन्याला मँचेस्टर युनायटेड आला. हिलालने ३-२ असा विजय मिळवला आणि सामीने एक गोल केला, पेनल्टीवरच. एकाच माणसाने देशासाठी सतत कमकुवत बाजूने आणि क्लबसाठी सतत बलाढ्य बाजूने खेळावं, आणि दोन्हीकडे आपला खेळ मुळातून न बदलता टिकून राहावं, याचं मला नवल वाटतं. हिलालच्या निळ्या जर्सीत त्याला दहा संधी मिळत, देशाच्या जर्सीत एक. त्या एका संधीसाठी लागणारी एकाग्रता हिलालच्या आरामात गंजू न देणं हे सोपं काम नव्हे.

निवृत्तीनंतरची पानं मी झटपट उलटली, आणि वाचकाने तसं केलं तर हरकत नाही. २०१३-१४ च्या मोसमात तो हिलालचा प्रशिक्षक झाला आणि लीगचं विजेतेपद नस्रकडे गेलं. हिलाल दुसरा आला. हिलालसाठी दुसरं येणं म्हणजे हरणंच, त्यामुळे सामीला जावं लागलं. पुढे त्याने अमिरातीत अल-वहदा आणि रियाधमध्ये अल-शबाब हे संघ सांभाळले, २०१८ मध्ये काही महिने हिलालचा अध्यक्षही होता. प्रशिक्षकांना वाऱ्यावर सोडणाऱ्या ज्या पद्धतीने त्याच्या खेळाची वर्षं खाल्ली, तीच शेवटी त्याच्याही वाट्याला आली.

महाराष्ट्राशी या सगळ्याचा संबंध काय, असं कुणी विचारेल. रत्नागिरी आणि रायगडच्या कितीतरी घरांतली माणसं गेली पन्नास वर्षं जेद्दा, रियाध, दम्मामला राबत आली आहेत. हिलाल आणि नस्र ही नावं त्या घरांत परकी नाहीत. आणि ६ नोव्हेंबर २०२३ रोजी नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर अल-हिलाल प्रत्यक्ष आला, मुंबई सिटीशी आशियाई चॅम्पियन्स लीगचा सामना खेळायला. आधी रियाधला ६-० असं हरलेल्या मुंबईने तासभर त्यांना रोखून धरलं आणि शेवटी २-० असा सामना गमावला. त्या रात्री मुंबईच्या आघाडीपटूचा जो उपास झाला, तोच सामीने जागतिक मैदानावर बारा वर्षं केला. भारतीय फुटबॉलवर प्रेम करणाऱ्याला सामीची कारकीर्द माजिदपेक्षा, आणि युरोपातल्या कुठल्याही स्ट्रायकरपेक्षा, जवळची वाटायला हवी ती यामुळे. आपला संघ विश्वचषकाला गेलाच, तर आपल्या नऊ नंबरच्या खेळाडूचं काम सामीसारखंच असणार आहे.

२०२२ च्या विश्वचषकात सौदींनी अर्जेंटिनाला २-१ असं हरवलं. दोन्ही गोल हिलालच्या खेळाडूंचे, सालिह अल-शहरी आणि सालिम अल-दवसरी यांचे. दवसरीने मेक्सिकोविरुद्ध आणखी एक गोल करून विश्वचषकातले आपले गोल तीनवर नेले आणि सामीची बरोबरी केली. पण दवसरी डाव्या बाजूने आत शिरणारा खेळाडू आहे, मधला स्ट्रायकर नव्हे. मधल्या जागेचा प्रश्न वेगळाच होऊन बसला आहे. २०२२ च्या अखेरीस रोनाल्डो नस्रमध्ये आला, २०२३ मध्ये सरकारी निधीने चार मोठ्या क्लबांची मालकी घेतली, बेंझेमा इत्तिहादला आणि मित्रोविच हिलालला आला. संघात आठ परदेशी खेळाडूंची मुभा होती, ती दहांवर गेली. श्रीमंत क्लबांनी नऊ नंबरच्या जागेवर परदेशी माणसं आणली, आणि राष्ट्रीय संघाचा प्रशिक्षक असताना रॉबर्टो मांचिनीने उघड तक्रार केली की त्याने निवडलेल्या मुलांना आपापल्या क्लबांत खेळायलाच मिळत नाही. आज सतरा वर्षांचा सामी हिलालच्या दारात उभा राहिला, तर त्याच्यापुढे खेळणारा माणूस युरोपातून कोट्यवधी मोजून आणलेला असेल. २०३४ चा विश्वचषक सौदी अरेबियात होणार आहे. घरच्या त्या स्पर्धेत सौदी संघाच्या सर्वात पुढे कोण उभा राहणार, हे ठरायला फार वर्षं उरलेली नाहीत आणि त्या जागेसाठीच्या मुलाला मैदानावरची मिनिटं आत्तापासून मिळायला हवीत.